तिसऱ्या ग्रहावरची घुमटी

सारे जिला मानाने दोन्या म्हणत, त्या रुदेसिंदाचा राग पिएद्रा मान्सा गावाला पावाच्या वासावरून कळत असे. ती शांत असली की सकाळी तिच्या मातीच्या भट्टीतून, चरबी घालून मळलेल्या पावाचा वास साऱ्या दरीत मायेने पसरे. ती रागावली की त्याच वासाला करपल्याची धार येई, आणि बाया दारातून एकमेकींना विचारत, "आज कोणाची पाळी गं?"

राग दोन जातींचा असतो, बाबांनो. एक चुलीबाहेर पडतो आणि घर जाळतो. दुसरा चुलीत राहतो आणि अन्न शिजवतो. रुदेसिंदाचा राग चुलीतला होता. त्या आगीवर ती आयुष्यभर जगली आणि गावालाही तिने त्याच आगीवर जेवू घातले. ती आग एकदाच चुलीबाहेर आली. तेव्हाही तिने कोणाचे घर जाळले नाही. त्याचीच ही कथा.

आम्ही माउलीचे, आमच्या चर्चमधल्या देवमातेचे, चाकर. वाडवडिलांकडून आलेली बासरी तोंडाला लावावी, ढोलाच्या ठेक्यावर गुडघ्यांत वाकावे, उसळावे, पुन्हा वाकावे, आणि उत्सवाच्या दिवशी घामाने निथळत तिच्या मूर्तीपुढे नाचावे, हे आमचे व्रत. आमच्या पुढे एक जण निशाण घेऊन उभा राहतो आणि चार-चार ओळींत माउलीशी बोलतो. गावाचे आजारपण, गावाचे भांडण, गावाची कृतज्ञता, सारे त्या चार ओळींतून तिच्या पायांशी जाते. हे निशाण रुदेसिंदाच्या बापाचे. बापानंतर ते तिच्या धाकट्या भावाकडे, वेनान्सियोकडे आले. वेनान्सियोनंतर ते उचलायला कोणी धजेना, तेव्हा ते तिने उचलले. कोणीतरी कुजबुजले, "बाईमाणसाच्या हातात?"

"निशाणाला विचार," ती म्हणाली. "ते नको म्हणालं तर ठेवते खाली."

वेनान्सियोला तिनेच वाढवले होते. आई गेली तेव्हा तो रांगत होता. मोठा झाल्यावर तो खाणीत उतरला, कोणाच्या नोकरीत नव्हे, तर स्वतःच्या छिन्नी-हातोड्याच्या भरवशावर, जुन्या बोगद्यांत तांब्याची शीर शोधत. एके दुपारी ती त्याचे जेवण घेऊन गेली, तेव्हा बोगद्याच्या तोंडातून धूळ बाहेर येत होती, आणि धुळीमागून दुसरे काहीच येत नव्हते.

गावाने हातांनी खणले. मग ज्या कंपनीकडे त्या डोंगराचा हक्क होता तिची माणसे आली. डोंगर धोक्याचा आहे, असे म्हणाली. बोगद्याच्या तोंडात त्यांनी सिमेंट ओतले, भोवती तारेचे कुंपण घातले आणि फाटकावर पहारा बसवला. माणूस आतच राहिला. यातली एकही व्यक्ती रुदेसिंदाच्या दारी आली नाही. "बाई, तुझा भाऊ आम्ही आत ठेवून दार बंद करतो आहोत," हे एक वाक्य बोलायला कोणाला सवड झाली नाही. तिला ते कळले सिमेंटच्या गाड्या दारावरून गेल्या तेव्हा.

आमच्याकडे माणूस जिथे मरतो तिथे त्याचा जीव घुटमळतो, अशी श्रद्धा आहे. म्हणून तिथेच त्याला हातभर उंचीची घुमटी बांधून द्यायची: छप्पर, दार, आत मेणबत्ती. देह दफनभूमीत आणि जीव घुमटीत. वेनान्सियोला देहाचीही जागा नव्हती आणि जिवाचीही नव्हती. रुदेसिंदाने कुंपणाबाहेर घुमटी बांधली, ती पहारेकऱ्यांनी काढली. पुन्हा बांधली, तेव्हा रस्ता रुंद करणाऱ्या यंत्राने ढकलून दिली. तेव्हापासून ती मेणबत्ती स्वयंपाकघरात लावी आणि म्हणे, "वारा आहे म्हणून घरात लावते." पण वारा तर आमच्याकडे रोजचाच.

आता वेधशाळेचे सांगतो. समोरच्या डोंगरमाथ्यावर ते पांढरे घुमट आम्ही लहानपणापासून पाहत आलो. तिथल्या स्वयंपाकघराला पाव रुदेसिंदाचाच जाई. एका वर्षी तिथला शास्त्रज्ञ, डॉक्टर गास्पार, खाली आमच्या चौकात आला. राजधानीतला माणूस, चांगल्या घरचा, बोलायला गोड. त्याने संध्याकाळी कड्यावर उगवणारा एक तारा दाखवला. म्हणाला, हा आपल्या सूर्याच्याच जातीचा, त्याच वयाचा, त्याच रंगाचा. आणि त्याच्याभोवती तीन ग्रह फिरतात.

"दिसतात?" रुदेसिंदाने विचारले.

"नाही, दोन्या. दिसत नाहीत."

"मग आहेत कशावरून?"

गास्पार हसला. "तुमच्याकडे शेळी आहे ना? समजा अंधार आहे. शेळी काळी आहे, ती मला दिसत नाही. पण तुम्ही पांढरा झगा घालून दावं धरलंय. शेळी ओढ घेते तशा तुम्ही हलता. इकडे जरा, तिकडे जरा. मला तुमच्या हलण्यावरून शेळी कळते."

"माझी शेळी हलवत नाही, फरफटवते," ती म्हणाली, आणि चौक हसला. पण गोष्ट सर्वांना पटली. तारा किंचित हेलकावतो. त्याचा प्रकाश जवळ येताना एक बोलतो, दूर जाताना दुसरे बोलतो, आणि डोंगरावरचे यंत्र ते ऐकते. न दिसणाऱ्याची ओढ दिसणाऱ्याच्या अंगावर उमटते. भक्ताला हे नवे नाही. आम्ही माउलीला तरी डोळ्यांनी कुठे पाहिले? तिच्या ओढीने हललेली माणसे पाहिली.

वेधशाळेने सांगितले की या तीन ग्रहांना गावाने नावे द्यावीत. जगाच्या यादीत ती जाणार नाहीत, पण चौकात फलक लागेल. ताऱ्याला खेटून असलेला पहिला ग्रह इतका तापलेला की त्याचे नाव एकमुखाने ठरले: भट्टी. दुसरा चपळ, धूर्त, हाती लागायला त्रास देणारा. तो झाला कोल्हा. तिसरा सर्वांत दूर, थंड, अंधारा, सावकाश चालणारा. ताऱ्याभोवती एक फेरी घालायला त्याला नऊ वर्षे लागत. त्याच्या नावाची वेळ आली तेव्हा रुदेसिंदा उभी राहिली.

"वेनान्सियो," ती म्हणाली. कोणी दुसरे नाव काढले नाही.

फलकाला आशीर्वाद द्यायला माउलीची मूर्ती चौकात आणली होती. तिच्यासमोर रुदेसिंदाने गास्पारला विचारले, "नक्की आहे ना तो? मला खेळ नकोय. मी त्याला तिथे ठेवणार आहे."

"आहे, दोन्या," गास्पार म्हणाला. "शब्द देतो."

काय दिले ते त्याला कळले नव्हते. पण शब्द, बाबांनो, देणाऱ्याच्या समजुतीएवढाच नसतो, तो घेणाऱ्याच्या गरजेएवढाही असतो.

त्याच आठवड्यात फलकाच्या पायाशी पत्र्याचे चिमुकले घर दिसले. आत मेणबत्ती होती. मग कोणी कागदाची फुले आणली, कोणी चान्यारच्या फळांचा पाक वाटीत ठेवला. बाळंतपण सुखरूप झालेल्या एका लेकीने 'उपकार झाले, वेनान्सियो' असे लिहिलेली फरशी चिकटवली. खाणीत जाणारे फलकाला हात लावून जाऊ लागले. वेधशाळेने शास्त्राचा फलक लावला होता, गावाने त्याची घुमटी केली. आणि रुदेसिंदाची स्वयंपाकघरातली मेणबत्ती बंद झाली. संध्याकाळी तो तारा कड्यावर आला की पाव झाकून ती ओट्यावर बसे आणि म्हणे, "लांब आहे खरा. पण याला गर्दी कधी आवडली?"

पुढे वर्षे गेली, आणि एका दुपारी जेवणानंतर सारे गाव झोपले असताना एक गाडी चौकात आली. जागे झालो तेव्हा नवा फलक उभा होता. सुरेख, चकचकीत. तारा होता, भट्टी होती, कोल्हा होता. तिसरा नव्हता. पत्र्याचे घर, फुले, फरशी, सारे काळ्या पिशवीत बांधून कचऱ्याच्या पिंपाशेजारी ठेवलेले होते.

रुदेसिंदाने पिशवी सोडली. घर बाहेर काढले, झग्याच्या टोकाने पुसले, काखेत धरले आणि चालू लागली. ती रडली नाही. दुसऱ्या दिवशी पावाचा वासच आला नाही. करपल्याचाही नाही. गाव घाबरले ते तेव्हा.

वेधशाळेच्या स्वयंपाकघरातून फोन आला. "दोन्या, पाव पोचला नाही."

"तिसरा ग्रह आणा, पाव न्या," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

आठवडाभर ते विद्वान कारखान्यातले, कापसासारखे पावाचे काप खात होते. मग गास्पार स्वतः तिच्या अंगणात आला. मी तिथे भट्टीची माती लिंपत होतो, म्हणून सारे ऐकले. तिने त्याला बसायला खुर्ची दिली, माते, म्हणजे आमचा कडू पानांचा चहा, पाजला. घरी आलेल्याला उपाशी ठेवून शिव्या देण्याची आमच्याकडे रीत नाही.

"दोन्या, तो ग्रह नव्हता," तो म्हणाला. "त्या ताऱ्यावर डाग असतात, आपल्या सूर्यावर असतात तसेच. काही वर्षं वाढतात, काही वर्षं ओसरतात. त्या चढउतारामुळे त्याचा प्रकाश असा बदलत होता की आम्हाला वाटलं, लांबून कोणीतरी ओढतंय. पहिले दोन खरे आहेत. तिसरा म्हणजे ताऱ्याची स्वतःचीच थरथर."

"म्हणजे मी नुसतीच थरथरत होते. हातात दावं होतं की नव्हतं, हे तुला इतक्या वर्षांनी कळलं?"

"हो. आमच्या कामात असं होतं. चूक सापडली की आम्ही ती दुरुस्त करतो. त्यातच आमचा प्रामाणिकपणा आहे."

"दुरुस्त केलीस ते बरं केलंस. आम्ही झोपेत असताना का केलीस?"

त्याने रिकामे भांडे तिला परत दिले. मग म्हणाला, "आम्ही ते छापलं होतं, दोन्या. लपवलं नाही. जगभरच्या लोकांनी वाचलं."

"त्या जगात माझं घर येत नाही वाटतं. रोज पाव येतो तो कुठून येतो?"

"गावाला समजावणं कठीण गेलं असतं."

"शेळीचं समजावताना कठीण नव्हतं गेलं. द्यायचं असलं की तुम्हाला शेळी सुचते, काढून घ्यायचं असलं की आम्ही अडाणी." तिने ते भांडे बाजूला ठेवले. "ऐक. तू माउलीसमोर शब्द दिलास. आमच्यात नवस बोलून जो पुरा करू शकत नाही, तो पळून जात नाही. उत्सवाला येतो, निशाणासमोर उभा राहतो, काय बोललो होतो ते सांगतो आणि जमत नाही हे सांगतो. मग निशाण त्याला सोडवतं. तू येशील."

"मी श्रद्धाळू नाही, दोन्या."

"श्रद्धा कोण मागतंय तुझ्याकडे? शब्द तर तुझाच होता ना?"

आणि माउलीची कृपा म्हणा किंवा त्या माणसातले सत्त्व म्हणा, उत्सवाच्या सकाळी तो आला. एकटा, धुळीने भरलेल्या बुटांनी. बासऱ्या थांबल्या, ढोल थांबला. रुदेसिंदाने निशाण उचलले आणि तिच्या त्या भाजलेल्या, खरखरीत आवाजात गायली:

माउली, हा माणूस आला, शब्द घेऊन हाती,
तुझ्यापुढे दिला, मोडला आमच्या झोपेपाठी.
सांगू दे त्याला तोंडाने, ऐकू दे साऱ्या गावा,
मग ठरव तू, माझ्या भावाला कुठे द्यावा विसावा.

गास्पारने टोपी काढली. "मी इथे म्हणालो होतो की तिसरा ग्रह आहे. तो नाही. आम्हाला खरंच वाटलं होतं की आहे. फलक दुपारी बदलायला मीच सांगितलं. तुमच्या तोंडाकडे बघायची मला भीती वाटली. ग्रहाची चूक आम्हा सगळ्यांची. ही चूक माझी."

चौक शांत होता. मग, माणूस चांगला असला तरी माणूसच, त्याला ती शांतता सोसवेना. तो घाईने म्हणाला, "दोन्या, कोल्हा पक्का आहे. त्याचं नाव बदलता येईल. वेनान्सियोला तिथे..."

"कोल्ह्याला विचारलं का?" गर्दीतून कोणीतरी म्हणाले. थोडे हसू फुटले.

रुदेसिंदा हसली नाही. "माझा भाऊ भाडेकरू नाही, या खोलीतून त्या खोलीत हलवायला."

"मग ताऱ्यालाच त्याचं नाव देऊ. जी हालचाल आम्ही पाहिली ती ताऱ्याची होती. म्हणजे एका अर्थी तो त्या सूर्यातच..."

"गोड बोलू नकोस," ती म्हणाली, आणि आता तिचा आवाज चढला. "रडणाऱ्या पोराच्या हातावर साखर ठेवतात तशी ठेवू नकोस. मला सुंदर जागा नकोय. मला खरी जागा हवीय. तू खरं बोललास, तेवढ्याने तुझं ऋण फिटलं. जा, सुटलास." तिने निशाण खाली झुकवले, त्याच्या खांद्याला कापड लागू दिले, आणि पुन्हा उभे केले.

इथे सोहळा संपायला हवा होता. पुढे मूर्ती खांद्यावर घेऊन चौकाला फेरी, मग जेवण. पण रुदेसिंदा चौकाकडे वळलीच नाही.

"जमिनीवर याला कोणी जागा देईना, म्हणून मी आभाळ धरलं," ती आम्हाला म्हणाली. "आभाळात तर तो कधी नव्हताच. तो जिथे आहे तिथेच आहे. सगळ्यांना माहीत आहे कुठे. मीच बोट दुसरीकडे दाखवत बसले, कारण तिकडे कुंपण नव्हतं. वाजवा."

आम्ही वाजवले. निशाण खाणीच्या रस्त्याला लागले. मूर्ती खांद्यावर असलेल्यांनी पाद्रीबाबांकडे पाहिले. पाद्रीबाबांनी झगा वर खोचला आणि चालू लागले. बासऱ्यांचा तो फाटका, रानपाखरासारखा आवाज उघड्या डोंगरांवर आपटत गेला. पाहावे तर मागे गास्पारही येत होता. सुटलेला माणूस, तरी येत होता.

फाटकावर लिसांद्रो पहाऱ्याला होता. गावचाच, गुडघे जाईपर्यंत आमच्यात नाचलेला.

"लिसांद्रो, उघड," रुदेसिंदा म्हणाली.

"मावशी, हुकूम नाही मला."

"कोणाचा?"

"कंपनीचा."

"बोलाव तिला. हा बघ, हा डोंगरावरून खाली आला, धुळीत उभा राहिला, तोंडाने बोलला. तुझी कंपनी कुठल्या ग्रहावर राहते, एवढ्या वर्षांत खाली उतरली नाही ती?"

"माझी नोकरी जाईल, मावशी."

"जाईल. माझा भाऊ गेलाय. बस, दोघं मिळून बघू कोणाचं जास्त गेलं."

लिसांद्रोने मान खाली घातली. बराच वेळ बुटाने खडे उकरत राहिला. मग फाटकाकडे पाठ करून, जणू हवेला सांगावे तसे म्हणाला, "त्या बाजूला ओढ्यात तार तुटलीय. शेळ्या ये-जा करतात. शेळ्यांना मी अडवत नाही."

आम्ही ओढ्यात उतरलो. म्हातारी माणसे वाकून तारेखालून गेली, ढोल गेला, निशाण आडवे होऊन गेले. पण मूर्ती जाईना. चौरंग रुंद, भगदाड अरुंद. खांदेकरी इकडून तिरके करत, तिकडून उचलत, आणि तारेला माउलीच्या झग्याची जरीची किनार अडकली. ते लिसांद्रोला पाहवेना. तो शिवी हासडत फाटकाकडे धावला, कुलूप काढले आणि दोन्ही दारे सताड उघडली.

"तिला शेळीच्या वाटेनं नेता होय रे?" तो खांदेकऱ्यांवर ओरडला. "तिच्यासाठी मला कोणाचा हुकूम लागत नाही."

अशी माउली पुढच्या दाराने आत गेली, आणि तिच्या मागोमाग आम्ही.

बोगद्याचे तोंड तसेच होते. डोंगराच्या तपकिरी अंगावर सिमेंटचा एक मोठा पांढुरका डाग. त्यावर पक्ष्यांची शिट, एका कोपऱ्यात कंपनीच्या नावाची पुसट पाटी. रुदेसिंदा त्याच्यासमोर उभी राहिली. मग तिने दगड मागितले. सारे दगड आणू लागले. गास्पारनेही एक उचलला.

"हा नको. गोल आहे, डुगडुगेल," ती त्याला म्हणाली. "चपटा आण." तो चपटा शोधायला गेला.

भिंती झाल्या, छप्पर झाले. आत तिने मेणबत्ती लावली. वाऱ्याने ती विझली. पुन्हा लावली, आणि लिसांद्रोने दारापुढे आपली टोपी आडवी धरली. बासऱ्या वाजल्या नाहीत. कोणी वाजवा म्हणाले नाही.

त्या नोकरीचे जे व्हायचे ते झाले. आता लिसांद्रो भट्टीवर लाकडे फोडतो. कंपनीकडून घुमटी हटवण्याचा निरोप आला, तेव्हा रुदेसिंदाने उलट निरोप धाडला की उत्सवाला या, माउलीसमोर तोंडाने सांगा. अजून कोणी आलेले नाही. वेधशाळेला पाव पुन्हा जाऊ लागला. तिचा राग गेला का, असे मला लोक विचारतात. कशाला जावा? आत माणूस आहे, बाबांनो, आणि दार बंद आहे.

त्या दिवशी मात्र, निघण्याआधी, तिने निशाणाची काठी उलटी धरली आणि तिच्या टोकाने त्या सिमेंटवर ठोकले, जसे शेजाऱ्याच्या दारावर ठोकावे. सारे गाव ऐकत होते.

"वेनो," ती म्हणाली, "मी आलेय. दार यांनी लावलंय, मी नाही."